टोर्नेडो कसा तयार होतो आणि माणसं नेमकी कशाने जातात

टोर्नेडो म्हटलं की डोळ्यासमोर अमेरिकाच येते, ते सपाट माळरान, लांबवर काळंकुट्ट आभाळ आणि त्यातून खाली लोंबणारी सोंड. पण आजवर नोंद असलेल्या टोर्नेडोंमध्ये सगळ्यात जास्त बळी घेणारा टोर्नेडो अमेरिकेत झालेलाच नाही. तो झाला बांगलादेशात, ढाक्याच्या पश्चिमेला माणिकगंज जिल्ह्यात, दौलतपूर आणि साटुरिया भागात, 26 एप्रिल 1989 च्या संध्याकाळी. साधारण 1300 माणसं गेली, 80 हजारांच्या आसपास लोक बेघर झाले. अमेरिकेतला सगळ्यात जीवघेणा टोर्नेडो 18 मार्च 1925 चा, मिसुरी, इलिनॉय, इंडियाना अशा तीन राज्यांतून गेलेला, जमिनीवर साडेतीन तास टिकून 350 किलोमीटर चाललेला, त्यात 695 माणसं गेली. म्हणजे माणिकगंजच्या जवळपास निम्मी.

मला वाटतं टोर्नेडो समजून घ्यायचा तर हा फरक आधी डोक्यात ठेवायला हवा. वारा किती जोराचा होता हे महत्त्वाचं आहेच, पण तो आला तेव्हा माणूस कसल्या घरात बसला होता आणि त्याला किती मिनिटं आधी कळलं होतं, यावर जगणं-मरणं ठरतं. वाऱ्याचं आपण काही करू शकत नाही, बाकीच्या दोन गोष्टींचं करू शकतो.

आधी एक गोंधळ दूर करू. आपल्याकडे निसर्ग आलं, तौक्ते आलं, ती चक्रीवादळं. ती समुद्रावर तयार होतात, शेकडो किलोमीटर पसरतात, चार-पाच दिवस आधीपासून सॅटेलाइटवर दिसतात, आणि किनारा ओलांडून जमिनीवर आली की जोर कमी व्हायला लागतो. टोर्नेडो बहुतेक वेळा जमिनीवर, एकाच गडगडाटी वादळाच्या पोटातून निघतो, रुंदी बहुतेक वेळा काही शे मीटरच्या आत, आयुष्य बहुतेक वेळा दहा मिनिटांच्या आत. सॅटेलाइटवर वादळाचा ढग दिसतो, सोंड नाही दिसत. आणि उन्हाळ्यात विदर्भ-मराठवाड्यात मोकळ्या रानात धूळ-पाचोळा घेऊन गरगरत जाते ती वावटळ, ती पण टोर्नेडो नाही. ती तापलेल्या जमिनीवरून वर चढते, वर आभाळ निरभ्र असलं तरी चालतं, तिचा ढगाशी काही संबंध नसतो. टोर्नेडोची नाळ वरच्या ढगाला जोडलेली असते.

आता तो तयार कसा होतो ते बघू. अमेरिकेचा नकाशा डोळ्यासमोर आणा. खाली दक्षिणेला मेक्सिकोचं आखात, तिथून उबदार आणि दमट हवा उत्तरेकडे सरकत असते, जमिनीलगत. पश्चिमेला रॉकी पर्वत आणि वाळवंटी पठारं, तिथून गरम पण एकदम कोरडी हवा येते आणि त्या दमट हवेच्या डोक्यावर पसरते. ही कोरडी हवा काही तास झाकण घातल्यासारखी बसते, खालची दमट हवा वर जायला बघते पण जाऊ शकत नाही, दिवसभर ऊन खात तापत राहते, आणि दुपारनंतर कुठेतरी ते झाकण फुटलं की साठलेली सगळी ऊर्जा एकाच जागी सुटते. मग ढग वर जातो तो तासाभरात 15 किलोमीटर उंच सुद्धा जातो. गारा, विजा, मुसळधार पाऊस, सगळं येतं. पण इथपर्यंत ते फक्त एक जबरदस्त वादळ आहे, टोर्नेडोसाठी आणखी एक गोष्ट लागते.

ती म्हणजे खालच्या आणि वरच्या वाऱ्यातला फरक. समजा जमिनीलगत वारा दक्षिणेकडून हळू येतोय आणि दोन-तीन किलोमीटर वर तोच पश्चिमेकडून खूप जोरात वाहतोय, तर मधली हवा लोळायला लागते, आडवी, पोळपाटावर लाटणं फिरतं तशी. डोळ्याला काही दिसत नाही, पण हवेत असे आडवे लोळ फिरत असतात. आता वादळाचा वर चढणारा जोरदार प्रवाह या लोळाला मधोमध पकडून वर उचलतो, आडवा लोळ उभा होतो आणि अख्खा ढगच उभ्या अक्षाभोवती फिरायला लागतो. फिरणारा भाग कित्येक किलोमीटर रुंद असतो. अशा फिरत्या वादळाला सुपरसेल म्हणतात, आणि मोठे, माणसं मारणारे टोर्नेडो जवळपास सगळे यांच्यातूनच येतात.

ढग फिरला म्हणजे टोर्नेडो झालाच असंही नाही, फिरणाऱ्या वादळांपैकी बहुतेक वादळं टोर्नेडो न देताच विरून जातात. शेवटचा टप्पा जमिनीजवळ घडतो आणि तोच सगळ्यात अवघड, शास्त्रज्ञ अजून त्यावर भांडतायत. ढोबळमानाने असं की वादळाच्या मागच्या बाजूने पावसाने थंड झालेली हवा खाली कोसळते, जमिनीवर आपटून पुढे पसरते, त्या कडेला पण गिरक्या तयार होतात, आणि वरचा चढता प्रवाह नेमका त्याच जागेवर असला तर त्या गिरक्यांना तो वर ओढतो. ओढला की गिरकी लांब होते आणि बारीक होते, आणि फिरणारी कुठलीही गोष्ट आत आकसली की तिचा वेग वाढतो, हा फिजिक्सचा साधा नियम आहे. खाली कोसळणारी हवा फार थंड असेल तर ती जड पडते, वर उचललीच जात नाही आणि खेळ तिथेच संपतो. म्हणून शेजारी-शेजारी दोन सारखीच दिसणारी वादळं, एक शहर उद्ध्वस्त करतं आणि दुसरं नुसता पाऊस पाडून जातं.

सोंड दिसते ती पण खरं तर वारा नसतो, आत दाब पडल्यामुळे हवा गार होऊन तयार झालेला ढग असतो, आणि खाली उडालेली माती. काही वेळा सोंड जमिनीपर्यंत पोचलेली दिसत नाही पण खाली वारा घरांची छपरं काढत असतो. आणि काही वेळा तर सगळं पावसाच्या पडद्याआड असतं, बाहेर बघणाऱ्याला नुसती काळी भिंत येताना दिसते.

आता हाच नकाशा बंगालचा करा. आखाताच्या जागी बंगालचा उपसागर, तिथून दमट हवा उत्तरेला. कोरडी गरम हवा छोटा नागपूरच्या पठाराकडून, झारखंड-बिहारच्या बाजूने. आणि मार्च-एप्रिलमध्ये पश्चिमेकडून वाहणारे उंचावरचे जोरदार वारे अजून हिमालयाच्या दक्षिणेलाच असतात, मान्सून आला की ते उत्तरेला निघून जातात. तिन्ही गोष्टी एकत्र मिळतात त्या पावसाळ्याच्या तोंडावर, आणि तेव्हाच कालबैशाखीची, म्हणजे तिकडच्या वळवाची, वादळं येतात, त्यातलं एखादं टोर्नेडो घेऊन येतं. 24 मार्च 1998 ला पश्चिम बंगाल आणि ओडिशाच्या सीमेवर, 31 मार्च 2009 ला ओडिशाच्या केंद्रपाडा जिल्ह्यात, 31 मार्च 2024 ला जलपाईगुडीकडे मैनागुडीत. तारखा बघा, सगळ्या मार्चअखेरच्या. 17 मार्च 1978 ला तर दिल्लीत, युनिव्हर्सिटीच्या भागात टोर्नेडो झाला होता आणि 28 माणसं गेली होती. आपल्या महाराष्ट्रात वळीव येतो, गारपीट होते, पण असा तिन्हींचा मेळ क्वचितच बसतो.

टोर्नेडोचा जोर मोजतात तो बहुतेक वेळा नंतर, पडझड बघून. ही पद्धत आणली तेत्सुया फुजिता या जपानी शास्त्रज्ञाने, आणि त्यांच्याबद्दल दोन ओळी लिहिल्याशिवाय मला पुढे जाववत नाही. ऑगस्ट 1945 मध्ये ते कोकुराजवळच्या कॉलेजात शिकवत होते. दुसरा अणुबॉम्ब खरं तर कोकुरावर पडायचा होता, खाली काही दिसेना म्हणून विमान नागासाकीला गेलं. नंतर फुजिता नागासाकी आणि हिरोशिमाला जाऊन पडलेली झाडं, जळालेल्या खुणा बघत होते, त्यावरून स्फोट कुठे आणि किती उंचीवर झाला असेल ते काढत होते. 1953 मध्ये ते शिकागोला गेले, आणि तीच नजर घेऊन विमानातून टोर्नेडोने पाडलेल्या शेतांचे, घरांचे फोटो काढत राहिले. 1971 ला त्यांची श्रेणी आली, 2007 पासून अमेरिकेत तिची सुधारलेली आवृत्ती वापरतात, ईएफ 0 ते ईएफ 5. पाच नंबर म्हणजे ताशी 322 किलोमीटरच्या वर. 3 मे 1999 ला ओक्लाहोमात ट्रकवर बसवलेल्या रडारने एका टोर्नेडोत ताशी 480 किलोमीटरच्या वर वेग मोजला होता.

या आकड्यांचा अर्थ लक्षात घ्या. वाऱ्याचा वेग दुप्पट झाला की दाब चौपट होतो, तिप्पट झाला की नऊपट. निसर्ग वादळ कोकणात आलं तेव्हा वारा ताशी 110 च्या आसपास होता आणि त्याने श्रीवर्धन, दापोली पट्ट्यातल्या सुपारीच्या बागा झोपवल्या, कौलं-पत्रे उडवले. पाच नंबरच्या टोर्नेडोत त्याच्या नऊपट दाब त्याच भिंतीवर येतो.

मग घर कसं जातं? पूर्वी लोकांना वाटायचं की टोर्नेडोच्या आत दाब इतका कमी असतो की घर आतल्या हवेने फुटतं, म्हणून खिडक्या उघडून ठेवा असं सांगायचे. दाब खरंच पडतो, 2003 मध्ये साउथ डकोटात रस्त्यावर ठेवलेल्या एका यंत्राने 100 मिलिबारची घट नोंदवली होती, ती प्रचंडच आहे. पण घरं त्याने पडत नाहीत. आधी एखादी खिडकी किंवा गॅरेजचं दार फुटतं, उडून आलेल्या वस्तूने. वारा आत घुसतो आणि आतून छताला वर ढकलतो, त्याच वेळी छतावरून वाहणारा वारा त्याला वर ओढत असतो. छत गेलं की भिंतींना वरून धरणारं काही उरत नाही, त्या एकेक करून पडतात, कोपऱ्यातल्या पण. अमेरिकेतली बरीच घरं लाकडी सांगाड्याची, काही ठिकाणी तर भिंतीचा खालचा वासा सिमेंटच्या ओट्याला नुसता खिळ्यांनी ठोकलेला निघाला. म्हणजे खिडकी उघडायला धावलात तर तुम्ही वाऱ्याचं काम सोपं करताय आणि स्वतः काचेसमोर उभे राहताय.

आणि माणूस जातो तो बहुतेक वेळा उडणाऱ्या वस्तूंनी, किंवा अंगावर पडलेल्या भिंती-छताने, किंवा स्वतःच फेकला जाऊन. पत्रा, विटा, लाकडाचे तुकडे, काचा, गाड्या. माणिकगंजमध्ये टिनाची छपरं होती, बांबू-कुडाच्या भिंती होत्या, तळघर वगैरे काही नाही, आणि आधी कळायचा मार्ग नाही. सुटा झालेला पत्रा तशा वाऱ्यात काय करत असेल ते पत्र्याच्या घरात राहिलेल्या कुणालाही वेगळं सांगायला नको. अमेरिकेत हेच काम मोबाइल होम करतात, कारखान्यात बनवून आणून ठेवलेली हलकी घरं, जमिनीला नीट न बांधलेली, साध्या टोर्नेडोत पण उलटतात. तिथेही मरणाऱ्यांत अशा घरांतल्या लोकांचा वाटा कायम मोठा असतो, आणि तिथे राहतात ते कमी पैसेवालेच.

जॉप्लिनचं जरा सविस्तर सांगतो. मिसुरी राज्यातलं 50 हजार वस्तीचं शहर, 22 मे 2011, रविवार. त्या दुपारी हायस्कूलचा पदवीदान समारंभ होता, तो शाळेत नव्हता, युनिव्हर्सिटीच्या हॉलमध्ये होता, आणि जेमतेम संपला होता. संध्याकाळी साडेपाचच्या सुमाराला पाच नंबरचा टोर्नेडो शहराच्या मधून गेला, दीड किलोमीटरच्या आसपास रुंद, पावसात गुंडाळलेला. 158 माणसं त्याने थेट मारली. ती शाळा उद्ध्वस्त झाली, समारंभ तिथे असता तर काय झालं असतं याचा विचारच करवत नाही.

सेंट जॉन्स हॉस्पिटल, नऊ मजल्यांची इमारत, थेट वाटेत आली. स्टाफने पेशंटना खिडक्यांपासून लांब, कॉरिडॉरमध्ये ओढलं होतं. जवळपास सगळ्या काचा गेल्या, वीज गेली, बॅकअप जनरेटर पण गेला, आणि व्हेंटिलेटरवर असलेले पेशंट तिथेच गेले. म्हणजे भिंती उभ्या राहिल्या तरी इमारत आतून मेली. हॉस्पिटलचे एक्स-रे आणि कागद शंभर किलोमीटरच्या आसपास लांब सापडले. ती इमारत नंतर पाडावीच लागली.

आणि एक गोष्ट जी आपल्याला लगेच कळेल. वाचलेल्या जखमींपैकी काहींच्या जखमा भरेनात, काळ्या पडायला लागल्या. म्युकरमायकोसिस. कोविडच्या दुसऱ्या लाटेत 2021 मध्ये आपल्या घराघरात हा शब्द पोचला, तो नाक-डोळ्यांचा होता. जॉप्लिनमध्ये वाऱ्याने माती, लाकूड, पालापाचोळा इतक्या जोरात शरीरात घुसवला की त्यातली बुरशी खोल मांसात गेली. 13 जणांना झाला, त्यातले 5 गेले.

जॉप्लिनमध्ये भोंगा वाजला नव्हता असं नाही. पहिला भोंगा टोर्नेडो शहरात शिरायच्या वीसेक मिनिटं आधी वाजला होता. पण नंतरच्या चौकशीत असं दिसलं की बरेच लोक पहिल्या भोंग्याला हलले नाहीत. कुणी टीव्ही लावून बघितला, कुणी बाहेर जाऊन आभाळ बघितलं, आणि पावसामुळे सोंड दिसत नव्हती. भोंगे तिथे दरवर्षी वाजतात आणि बहुतेक वेळा काही होत नाही, कारण आधी म्हटलं तसं फिरणारी वादळं बहुतेक टोर्नेडो देतच नाहीत. मी त्या लोकांना दोष देणार नाही. दहा वेळा भोंगा वाजून काही झालं नाही तर अकराव्या वेळी आपणही गॅलरीतच जाऊ.

तरी इशारे किती सुधारलेत ते बघायला हवं. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटापासून 1938 पर्यंत अमेरिकेच्या सरकारी हवामान खात्यात अंदाजात टोर्नेडो हा शब्द वापरायलाच बंदी होती, लोक घाबरतील म्हणून. 1925 ला त्या तीन राज्यांतल्या लोकांना काहीच कळलं नाही ते त्यामुळे पण. पहिला यशस्वी अंदाज 25 मार्च 1948 चा, ओक्लाहोमाच्या टिंकर हवाई तळावरचा. पाच दिवस आधी त्याच तळावर टोर्नेडो येऊन विमानांचं नुकसान करून गेला होता, मग फॉबुश आणि मिलर या दोन अधिकाऱ्यांनी जुन्या नोंदी काढून बघितल्या, 25 ला हवेची स्थिती तशीच दिसली, त्यांनी अंदाज दिला आणि टोर्नेडो खरंच आला. नंतर डॉप्लर रडार आले. ते पावसाचे थेंब रडारकडे येतायत की लांब जातायत ते सांगतात, शेजारी-शेजारी दोन्ही दिसलं म्हणजे तिथे ढग फिरतोय. आता तर हवेत उडालेले घरांचे तुकडे पण रडारवर वेगळे ओळखू येतात. तो ठिपका दिसला की खाली काहीतरी तुटलंय हे नक्की. एवढं करून हाताशी मिळतात सरासरी दहाएक मिनिटं.

डॅलसकडे, प्लेनो-फ्रिस्को-अर्व्हिंगला आपली बरीच मराठी मंडळी आहेत म्हणून त्यांच्यापुरतं लिहितो. तिथल्या घरांना तळघर बहुधा नसतं. म्हणून सगळ्यात खालचा मजला, बाहेरच्या भिंतीला न लागणारी छोटी खोली, बाथरूम किंवा क्लोजेट, अंगावर गादी, मुलांच्या डोक्यावर सायकलचं हेल्मेट, पायात बूट, कारण नंतर काचांवरून चालायचं असतं. ऑक्टोबर 2019 ला उत्तर डॅलसमध्ये तीन नंबरचा टोर्नेडो दाट वस्तीतून गेला आणि एकही जीव गेला नाही. डिसेंबर 2015 ला गारलँडमध्ये 10 जण गेले, त्यातले बहुतेक गाड्यांमध्ये होते, हायवेवर. गाडी हे सगळ्यात वाईट ठिकाण, आणि पुलाखाली थांबणं त्याहून वाईट, तिथे वारा अरुंद जागेतून जातो आणि उडणारं सगळं तुमच्या अंगावर येतं. 1999 ला ओक्लाहोमात पुलांखाली आसरा घेतलेल्यांपैकी तिघे गेले होते.

त्याच ओक्लाहोमात मूर नावाचं गाव आहे. 1999 ला पाच नंबर, 2013 ला पुन्हा पाच नंबर, दुसऱ्या वेळी 24 जण गेले, त्यात एका प्राथमिक शाळेतली सात मुलं. 2014 मध्ये गावाने घरबांधणीचे नियम बदलले. घर ताशी 217 किलोमीटरचा वारा सहन करेल असं बांधायचं, छताचा वासा भिंतीला आणि भिंत ओट्याला लोखंडी पट्ट्यांनी जोडायची, गॅरेजचं दार मजबूत लावायचं. पाच नंबरपुढे हे टिकणार नाही, पण बहुतेक टोर्नेडो शून्य-एक नंबरचेच असतात आणि मोठ्या टोर्नेडोच्या पण कडेच्या पट्ट्यात वारा तेवढाच असतो, तिथली घरं यात उभी राहतात. खर्च घराच्या किमतीच्या मानाने फार नाही. माणिकगंजच्या पत्र्याच्या घरालाही छपराचा वासा खांबाला आणि खांब जमिनीला घट्ट बांधला तर तेवढाच फरक पडेल, आणि ते करायला रडार लागत नाही, तार आणि पट्ट्या लागतात, आणि त्या विकत घेण्याइतके पैसे.